हसऱ्याचा उजवा गाल

छपाईवाल्याला गर्दीची भीती वाटायला लागली ती टी-शर्टांमुळे. पूर्वी तो गर्दीत मजेत शिरायचा. कोणाच्या छातीवर आपण छापलेलं काही दिसलं की शेजारच्याला कोपरानं ढोसून सांगायचा, "हे आपलं काम बरं का!" मग ते शाळेच्या संघाचं चिन्ह असो की रंगाच्या डब्यांची जाहिरात. आता मात्र बसथांब्यावर उभा राहिला की मान खाली. कारण समोरून येणाऱ्या चार-पाच माणसांत एकाच्या तरी छातीवरून हसऱ्या त्याच्याकडे बघून हसत असायचा, आणि तो हसऱ्या त्यानंच छापलेला असायचा.

हसऱ्या कोण, हे त्या शहरात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. बँका लुटणारा. पकडला गेला तेव्हा पोलिसांच्या गाडीत चढताना मागे वळून फोटोवाल्यांकडे बघून असा काही हसला, की दुसऱ्या दिवशी सगळ्या वर्तमानपत्रांनी तोच फोटो पहिल्या पानावर छापला आणि त्याचं नाव हसऱ्या पडलं. मग गोष्टी सुरू झाल्या. लुटताना म्हणे त्यानं एका म्हातारीला बसायला खुर्ची दिली. रोखपाल मुलीला म्हणे 'घाबरू नका, पाणी प्या' म्हणाला. महिन्याभरात त्या खुर्चीची आरामखुर्ची झाली आणि पाण्याचं सरबत. त्याचा वकील सांगत होता की माझा अशील त्या दिवशी बँकेच्या आसपासही नव्हता, आणि लोक एकाच दमात म्हणत होते की तो असं करणारच नाही, आणि केलं तर किती अदबीनं केलं बघा! पोरं त्याच्यासारखे केस कापून घ्यायला लागली. मुली तुरुंगाच्या पत्त्यावर पत्रं पाठवायला लागल्या.

त्या दरोड्यात फाटकावरचा एक पहारेकरी गोळी लागून मेला, हेही वर्तमानपत्रांत आलं होतं. 'एक पहारेकरी ठार', एवढंच. नाव कोणी दिलं नाही, कोणी विचारलंही नाही. तो पहारेकरी म्हणजे छपाईवाल्याच्या थोरल्या बहिणीचा नवरा.

ताई रोज दुपारी भाऊजींना गरम डबा नेऊन द्यायची. फाटकाजवळ सायकली लावायच्या छपराखाली दोघं बसायची. ते जेवायचे, ती त्यांच्याकडे बघत बसायची. लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर बघण्यासारखं काय उरलं होतं देव जाणे, पण बघायची. त्या दिवशी ती डबा घेऊन फाटकाशी पोचते तोच आतून चौघं पळत आले, तोंडाला फडकी बांधलेली. भाऊजी आडवे गेले. झटापटीत पुढच्याचं फडकं सुटलं, त्यानं गोळी झाडली, आणि तो चेहरा ताईला हातभर अंतरावरून दिसला.

"त्याच्या ह्या गालावर," असं म्हणून ताई आपला उजवा तळहात आपल्या उजव्या गालावर ठेवायची, "डोळ्याखालपासून हनुवटीपर्यंत व्रण होता. आणि हसत नव्हता रे तो. घाबरला होता. माझ्याइतकाच घाबरला होता."

बाकी कोणी तो चेहरा पाहिला नव्हता. इतर तिघं कधी सापडलेच नाहीत. म्हणजे सगळा खटला येऊन जाऊन ताईच्या दोन डोळ्यांवर उभा. ओळख परेडीत तिनं हसऱ्याला ओळखलं होतं, पण तोवर फोटो छापून आलेला, त्यामुळे त्या ओळखीला कोर्टात किंमत मिळणार नाही हे सगळेच जाणून होते. पोलिसांनी पहिल्या दिवशी लिहून घेतलेल्या जबानीत नुसतं 'गालावर व्रण' एवढंच होतं. कुठल्या गालावर, हे लिहिणाऱ्याच्या डोक्यात आलं नाही.

ताई भावाकडे राहायला आली. दोन खोल्यांचं घर, त्यात स्वयंपाकघराच्या दाराआड तिची खाट. चाळिशी उलटून गेली तरी तिच्या लेखी भाऊ बाळ्याच होता. आई लवकर गेली, तेव्हा ह्या बाळ्याला तिनंच न्हाऊमाखू घालून शाळेत सोडलेलं. ती घरात आली आणि एक गोष्ट मात्र तिनं सोडून दिली. डबा ती कोणालाच नेऊन देईना. भरून द्यायची, झाकण घट्ट लावायची, पण उंबऱ्याबाहेर नाही. छपाईवाला आपला डबा आपणच घेऊन जायचा.

त्याचा कारखाना म्हणजे गल्लीच्या टोकाचं एक लांबट दालन. एक लांब टेबल, धुण्याचं टाकं, शर्ट वाळत घालायला छताखाली दोऱ्या आणि कोपऱ्यात उजेडाची पेटी. कारखाना म्हणायची त्याला हौस, एवढंच. भाऊजी गेले त्या वर्षी कामच नव्हतं. टेबलावर धूळ बसायला लागली होती, तेव्हा घाऊकवाला वर्तमानपत्राचं कात्रण घेऊन आला. हा घाऊकवाला बाजारात कोणतं वारं सुटलंय ते नाकानं हुंगून सांगणारा माणूस.

"हा चेहरा छाप," तो म्हणाला. "फोटोत व्रण नीट दिसत नाही, तो जरा ठसठशीत काढ. पोरांना तेच आवडतंय."

"हा माणूस..." छपाईवाला म्हणाला आणि तिथंच थांबला.

"हाच तर माणूस! दुसरा कोणता चेहरा विकला जातोय सध्या?"

घरी जाऊन त्यानं बायकोला सांगितलं. ती बराच वेळ भांडी पुसत राहिली. मग म्हणाली, "आपण नाही छापलं तर पलीकडच्या गल्लीतला छापेल. गेलेला माणूस काही परत येत नाही. ताईंना मात्र कळता कामा नये." एकच खेप, असं दोघांनी ठरवलं. एकच खेप म्हणून सुरू झालेल्या गोष्टी कुठवर जातात हे जगाला माहीत असतं, ठरवणाऱ्यांना तेवढं नसतं.

आता छपाईचं काम कसं चालतं ते थोडं सांगायला हवं, कारण सगळी गोम तिथंच आहे. चित्र काढायचं पारदर्शक फिल्मवर. ती फिल्म उजेडाच्या पेटीवर ठेवायची, तिच्यावर उजेडानं घट्ट होणारा मसाला लावलेली जाळीची चौकट, आणि खालून उजेड द्यायचा. मग जाळी धुतली की चित्रापुरती भोकं मोकळी होतात. त्यांतून रबराच्या पट्टीनं शाई ओढली की चित्र कापडावर. ह्यात पथ्य एकच, फिल्म पालथी पडता कामा नये. पडली तर चित्र आरशातल्यासारखं उलटं छापतं. छपाईवाल्याची फिल्म आयुष्यात कधी पालथी पडली नव्हती, कारण प्रत्येक कामात एखादं तरी अक्षर असतंच, आणि उलटं अक्षर डोळ्यात खुपतं. बाहेरून काढून आणलेल्या हसऱ्याच्या फिल्मवर अक्षर नव्हतं. नुसता चेहरा. आणि त्या चेहऱ्याकडे बघायची ह्या गृहस्थाची छाती झाली नाही. मेलेल्या उंदराची शेपूट धरावी तशी त्यानं फिल्म चिमटीत धरली, मान भिंतीकडे वळवली, आणि ठेवून दिली.

शर्ट दोरीवर वाळायला लागले तेव्हा त्यानं पहिल्यांदा नीट पाहिलं. व्रण हसऱ्याच्या डाव्या गालावर आला होता. ताईचा हात जायचा त्याच्या बरोबर उलट.

खरं सांगायचं तर त्याला बरंच वाटलं. म्हणजे आपण छापतोय तो हा माणूस नव्हेच, भाऊजींना मारणारा वेगळा, व्रण उजवीकडे असलेला. असं मनाशी म्हणता आलं. माणूस स्वतःला फसवायला बसला की त्याला दुसऱ्या कोणाची मदत लागत नाही.

शर्ट हातोहात खपले. दुसऱ्या खेपेला मात्र त्याच्यातला कारागीर जागा झाला आणि त्यानं फिल्म नीट सुलटी ठेवून चेहरा जसा होता तसा छापला. तो गठ्ठाच्या गठ्ठा परत आला.

"गिऱ्हाईक म्हणतं डुप्लिकेट आहे," घाऊकवाला वैतागून म्हणाला. "हसऱ्यासारखा दिसत नाही म्हणतात. तू पहिल्यासारखाच छाप बाबा, शहाणपणा नको."

परत आलेला गठ्ठा माळ्यावर गेला, आणि त्यातले शर्ट टेबलावरची सांडलेली शाई पुसायला निघू लागले. उलटा हसऱ्या मात्र शहरभर पसरला. शर्टावरून तो भिंतींवर गेला, भिंतींवरून रिक्षांच्या काचांवर, तिथून मासिकांच्या मुखपृष्ठांवर. पोरं पेनानं स्वतःच्या डाव्या गालावर व्रण काढून मिरवायला लागली. मूळ फोटो कुठल्या कुठं गेला. खुद्द हसऱ्यानं तुरुंगात दाढी वाढवली होती, त्यामुळे त्याचा खरा गाल बघायचा म्हटलं तरी कोणाला दिसत नव्हता.

घरी छपाईवाला सांगायचा की कारखान्यांचे गणवेश छापतोय. नखांतली शाई घासून घासून काढायचा. आणि ताई आपली भाजीला जायची, औषधाला जायची, खटला चालवणाऱ्या सरकारी वकीलबाईंच्या कचेरीत जायची. रस्त्यानं नवऱ्याला मारणाऱ्याचे शेकडो चेहरे तिच्याकडे बघून हसत जवळून जायचे. पहिल्यांदा ती घरी येऊन रडायची. नंतर रडणं थांबलं. सवय झाली असेल, असं छपाईवाल्याला वाटलं.

मग एका रविवारी सकाळी शेजारीण आली होती. ताई लसूण सोलता सोलता तिला सगळं पहिल्यापासून सांगत होती. छपाईवाला पाण्याचा पेला घेऊन दारात उभा होता. "त्याच्या ह्या गालावर," ताई म्हणाली, आणि तिचा हात वर गेला. डावा हात. डाव्या गालावर.

पेल्यातलं पाणी त्याच्या अंगावर सांडलं. "काय धांदरट आहेस रे," ताई म्हणाली आणि पुढं सांगायला लागली.

त्या दिवसापासून त्याच्या जिवाला घोर लागला. इकडे आड तिकडे विहीर म्हणतात ते काय असतं, ते त्याला जेवताना, झोपताना, दात घासताना कळायला लागलं. सांगावं, तर कसं सांगणार? 'ताई, आधी तुझा हात उजव्या गालावर जायचा' म्हटलं की ती विचारणार, मग हा डावा माझ्या डोळ्यांत आला कुठून. आणि त्याचं खरं उत्तर एकच होतं. न सांगावं, तर साक्षीची तारीख जवळ येत होती. बायकोला म्हणाला, तर ती म्हणाली, "कोर्टात गालाचं कोण विचारतंय! समोर उभा असेल, बोट दाखवलं की झालं." तेवढ्या आधारावर तो आठवडाभर जगला.

साक्षीच्या आदल्या संध्याकाळी ताई कोर्टात घालायच्या कपड्यांना इस्त्री करत होती. मध्येच थांबली.

"बाळ्या, एक विचारू? हसशील."

"नाही हसत. विचार."

"त्याचा व्रण कुठल्या गालावर होता रे?"

"उजव्या," छपाईवाल्याच्या तोंडून निघून गेलं.

ताईनं इस्त्री उभी केली. "तुला कसं ठाऊक?"

एवढाच तो क्षण होता. पुढं किती तरी दिवस तो त्या क्षणापाशी परत परत जाऊन उभा राहिला. बायको आत भांडी लावत होती, तिचा आवाज थांबला. ताई वाट बघत होती.

"तूच म्हणायचीस," तो म्हणाला. "पहिल्यांदा. उजवा म्हणायचीस."

"म्हणायचे ना? मलाही तसंच वाटतंय. पण डोळे मिटले की डावा दिसतो. स्पष्ट दिसतो. म्हणजे मी आधी घाबरून चुकीचं सांगत होते की काय?"

"जसं आठवतं तसं सांग, ताई. मनावर दडपण घेऊ नकोस."

"वकीलबाई पण तेच म्हणाल्या. दुसऱ्या कोणाचं ऐकून सांगू नका, तुम्हाला दिसतं तेच सांगा." तिनं पुन्हा इस्त्री उचलली. "तू तर त्याला पाहिलाच नाहीस कधी. मी पाहिलाय. मला दिसतं तेच खरं."

कोर्टाच्या आवारात सकाळपासून झुंबड होती. न्यायाधीशांनी हसऱ्याचे शर्ट घालून आत यायला बंदी केली होती, तर पोरांनी तेच शर्ट उलटे करून घातले होते. पातळ कापडातून तो चेहरा पुसट दिसत होता, आणि कापडाच्या मागून दिसत होता म्हणून अगदी बरोबर दिसत होता, व्रण उजव्या गालावर. त्या सगळ्या दालनात हे एकट्या छपाईवाल्याला कळत होतं. तो शेवटच्या बाकावर, दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसला होता.

हसऱ्या दाढीतून हसला तेव्हा बाकांवर कुजबूज झाली. एक बाई तर चक्क लाजली. ताईनं त्याच्याकडे पाहिलं आणि न थरथरता बोट दाखवलं. "हाच."

त्याचा वकील उठला. फार गोड बोलणारा माणूस. आधी त्यानं ताईच्या दुःखाबद्दल सहानुभूती व्यक्त केली, मग विचारलं, "बाई, दाढीमुळे आता दिसत नाही, पण तेव्हा त्याचा चेहरा तुम्ही अगदी जवळून पाहिलात. व्रण होता म्हणालात. कोणत्या गालावर?"

ताईनं डोळे मिटले. शेवटच्या बाकावरून छपाईवाल्याला तिचे दोन्ही हात दिसत होते, कठड्यावर ठेवलेले. उजवा हात किंचित हलला. हलला असं त्याला तरी वाटलं. मग डावा वर गेला.

"ह्या. डाव्या."

"नक्की?"

"नक्की. रोज दिसतो मला."

वकिलानं तुरुंगाच्या डॉक्टरांचा दाखला पुढं केला. व्रण उजव्या गालावर. "साहेब," तो न्यायाधीशांना म्हणाला, आणि आता त्याचा आवाज गोड नव्हता, "ह्या बाईंनी माणूस पाहिलेला नाही. ह्यांनी शर्ट पाहिलाय. बाजारात जो शर्ट मिळतो त्यावर माझ्या अशिलाचा चेहरा उलटा छापलाय. कोण्या छपाईवाल्याची चूक."

दालन खदखदून हसलं. हसऱ्याही हसला. ताई गोंधळून सगळ्यांच्या तोंडांकडे बघत होती, कारण कशाला हसताहेत ते तिला अजून उमगलं नव्हतं. आणि ते उमगत गेलं तसा तिचा हात गालावरून हळूहळू खाली आला. उठून 'ती चूक माझी' म्हणायला एकच वाक्य पुरलं असतं. छपाईवाल्याच्या आजूबाजूला उलटे शर्ट घातलेली, दंडाला दंड लावून बसलेली पोरं होती. त्याचे हात मांड्यांखालीच राहिले. मुंग्या आल्या तरी त्यानं ते काढले नाहीत.

हसऱ्या सुटला. न्यायाधीशांनी निकालात ताईला खोटारडी म्हटलं नाही, 'नकळत दिशाभूल झालेली साक्षीदार' म्हटलं. वकीलबाईंनी बाहेर तिचा हात हातात घेतला आणि म्हणाल्या, "वरच्या कोर्टात जाता येईल, पण काहीतरी नवीन हवं. तो शर्ट उलटा कसा झाला, तुमचा गोंधळ त्यामुळेच कसा झाला, हे सांगणारं कोणी असेल तर बघू. नाहीतर अवघड आहे."

घरी ताई दोन दिवस खाटेवरून उठली नाही. "आपलेच डोळे आपल्याला फसवतात रे," एवढंच एकदा म्हणाली. छपाईवाला ते ऐकून बाहेर निघून गेला आणि उगाचच किराण्याच्या दुकानासमोर उभा राहिला. कारखान्यात तर कामाचा डोंगर झाला होता. हसऱ्या सुटल्यापासून शर्ट पुरत नव्हते. घाऊकवाल्याची वाट न बघता पोरं थेट कारखान्याच्या दारात येऊन उभी राहायला लागली. छपाईवाला छापत होता. थांबलो तर लोक कारण विचारतील, असं आता त्याचं म्हणणं होतं.

तिसऱ्या दिवशी तो डबा घरीच विसरला. बायको दुपारी घेऊन येईल असं त्याला वाटलं. बायकोनं डबा उचललाही होता, पण ताई खाटेवरून उठली आणि म्हणाली, "आण इकडे. मी नेते. एकदा जे व्हायचं ते होऊन गेलं, आता घाबरून काय करू?" बायकोनं ऊन आहे सांगितलं, लांब आहे सांगितलं, पाय दुखतील सांगितलं. नणंदेला अडवायला ह्याहून मोठं कारण तिच्यापाशी होतं, पण ते तिला उच्चारता येत नव्हतं.

छपाईवाला टाक्यापाशी हात धूत होता. मागून ओळखीची पावलं ऐकू आली, आणि तो वळायच्या आधीच ताई आत आली होती. बाहेर पोरांची रांग होती, तिच्यातून वाट काढत आल्यानं तिला धाप लागली होती. दोऱ्यांवर शर्टच शर्ट होते. ती त्यांच्याकडे बघत नव्हती. तिची नजर खिडकीकडे होती. नुकतीच धुतलेली चौकट तिथं वाळायला टेकवून ठेवलेली, छापायची बाजू दाराकडे करून. जाळीतून ऊन येत होतं आणि त्या उजेडात एक चेहरा उभा होता. छापताना जो कापडावर टेकतो, तो. उलट्याचा उलटा. म्हणजे खरा.

ताईच्या हातातला डबा कलला. तिनं तो सावरला, टेबलाच्या कडेला नीट ठेवला. मग चौकटीजवळ गेली आणि जाळीवरच्या व्रणावर बोट ठेवलं.

"हाच," ती म्हणाली. "हाच होता. हा उजवा."

ती वळून दोऱ्यांवरच्या शर्टांकडे बघायला लागली. एकेक करत सगळ्यांकडे. मग टाक्यातल्या काळ्या पाण्याकडे, मग छपाईवाल्याच्या नखांकडे.

"तू," ती म्हणाली. "कोण्या छपाईवाल्याची चूक म्हणाला तो. तू होय."

"ताई, पहिली खेप... मला त्याच्याकडे बघवेना गं. फिल्म पालथी पडली. नंतर सुलटा छापला होता मी, शपथेवर सांगतो, पण लोकांनी परत केला." एवढं बोलून तो स्टुलावर चढला, माळ्यावरचा गठ्ठा ओढला, आणि तळाशी राहिलेला एक कोरा-करकरीत शर्ट काढून तिच्या हातात दिला. त्याची सगळी कबुली म्हणजे तो एक शर्ट.

ताईनं तो उलगडला. व्रण उजव्या गालावर. तिनं बराच वेळ पाहिलं. तिला राग येईल, ती मारेल, लहानपणी मारायची तशी, असं त्याला वाटत होतं, आणि तिनं मारावं असंही वाटत होतं. पण तिचा चेहरा उलट मोकळा झाला होता.

"म्हणजे मी वेडी नाही झाले," ती म्हणाली. "मला खरंच आठवत होतं." आणि मग डोळे भरून आले. "आदल्या संध्याकाळी विचारलं होतं रे तुला. इस्त्री करताना."

"हो."

"बरं. झालं ते झालं." तिनं पदरानं डोळे पुसले. ताईच ती. शाळेत कोणाची पाटी फोडून आला की असंच म्हणायची, आणि मग बखोट धरून त्याच्या घरी माफी मागायला न्यायची. "वकीलबाईंना नवीन काहीतरी हवंय. हा शर्ट आहे, ही चौकट आहे, आणि तू आहेस. वरच्या कोर्टात सांगशील? तू उलटा केलास म्हणून?"

"सांगेन," छपाईवाला म्हणाला. आणि त्याला खरोखर तसंच वाटत होतं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्याला पोटभर श्वास घेता आला.

"मग चल. डबा नंतर खा. आत्ताच जाऊ त्यांच्याकडे."

ती शर्ट छातीशी धरून दारात गेली, आणि तो तिच्या मागोमाग. बाहेर रांग आता गल्लीच्या वळणापर्यंत गेली होती. सगळ्यांच्या छातीवर हसऱ्या, कोणाच्या गालावर पेनानं काढलेला व्रण. पुढच्याच एका आडदांड गड्याचं लक्ष ताईच्या हातातल्या शर्टाकडे गेलं.

"अहो बाई, उलटा छापलाय तुमचा!" तो ओरडला. "व्रण बघा कुठं आलाय!"

रांगेत हशा पिकला. "बघू, बघू!" करत मागचे पुढं सरकले. कोणीतरी शर्टाचं टोक धरून ओढून पाहिलं. "डुप्लिकेट आहे! बाईंना फसवलं!"

"काय हो मालक," तो गडी छपाईवाल्याला म्हणाला. अजून हसतच म्हणाला, पण पाऊल उंबऱ्यावर ठेवून. "म्हाताऱ्या बाईला खोटा हसऱ्या देता? आमचा हसऱ्या असा आहे होय? सांगा की, कोणता खरा?"

सगळी गल्ली ऐकायला थांबली. ताई वळली. तिनं त्याच्याकडे पाहिलं, शाळेच्या फाटकात सोडताना पाहायची तसं. जा, मी आहे इथं, असं.

छपाईवाल्यानं त्या छात्यांच्या भिंतीकडे पाहिलं. आणि मग इतक्या वर्षांच्या सवयीनं, गिऱ्हाईक तक्रार करतं तेव्हा जे वाक्य आपोआप तोंडात येतं, तेच आलं.

"चुकून गेला असेल," तो म्हणाला. "द्या इकडे, बदलून देतो."

"हां, असं!" गडी खूश झाला. रांग पुन्हा हसली.

छपाईवाल्यानं हात पुढं केला होता. ताईनं त्या हाताकडे पाहिलं. मग तिनं शर्टाची नीट घडी घातली, बाह्या आत दुमडून, चेहरा वर ठेवून, आणि काखेत धरली.

"नको," ती म्हणाली. "मला हाच हवाय."

आणि ती गर्दीतून वाट काढत निघाली. एकटीच. छपाईवाला तिच्या मागं जायला एक पाऊल पुढं आला, पण दारात तो गडी उभा होता, आणि त्याच्या मागून कोणीतरी विचारत होतं की मोठ्या मापाचा मिळेल का. "बघतो," छपाईवाला म्हणाला, आणि दोरीवरचे शर्ट चाचपायला लागला. टेबलाच्या कडेला डबा तसाच होता, झाकण घट्ट लावलेला.